टॅसिटसच्या एका वाक्यावरून ‘रोमन लोक ज्यूद्वेष्टे होते’ असं म्हणता येईल का?

प्रश्न थोडक्यात असा आहे. टॅसिटस या रोमन इतिहासकाराने ज्यूंबद्दल ‘आपसात घट्ट निष्ठा, बाकी साऱ्यांशी शत्रूसारखं वैर’ असं लिहिलेलं विचारणाऱ्याच्या वाचनात आलं. पुढे दुसरीकडे वाचायला मिळालं की ग्रीकांनी ज्यूंना ‘तत्त्वज्ञांची जात’ म्हटलं होतं. मग खरं काय? प्राचीन ग्रीक-रोमन लोक ज्यूंचा द्वेष करत होते की आदर? आणि आजच्या ज्यूद्वेषाचं मूळ तिथेच शोधायचं का?

दोन्ही अवतरणं खरी आहेत. मात्र त्यांच्यात चारशे वर्षांचं अंतर आहे आणि लिहिणारे एकमेकांना ओळखतही नव्हते. खरी अडचण ‘ग्रीक-रोमन लोक’ या शब्दांतच आहे. आपल्या हाती आहेत ते काही मोजके शिकलेले पुरुष. सार्डिसच्या किंवा अँटिऑकच्या बाजारात ज्यू दुकानदाराच्या शेजारी बसणाऱ्या माणसाला काय वाटत होतं, हे त्याने लिहून ठेवलेलं नाही. म्हणून मी वर्गात हे उतारे वाचायला देते तेव्हा प्रत्येकाच्या समासात तीन गोष्टी लिहायला लावते: कोण बोलतोय, कोणत्या साली, आणि हे आपल्यापर्यंत कुणी पोहोचवलं. तिसऱ्या रकान्यात मुलं सगळ्यात जास्त अडखळतात.

कारण यातलं बरंच लेखन मूळ रूपात उरलेलंच नाही. ज्यूंविषयी लिहिणाऱ्या हेकाटीअस या ग्रीक लेखकाचा ग्रंथ गेला. त्याचा सारांश डिओडोरस या ग्रीक इतिहासकाराने दिला, तो भागही गेला. नवव्या शतकात कॉन्स्टँटिनोपलचा धर्मगुरू फोटिअस याने त्यातला उतारा टिपून ठेवला म्हणून तो आज दिसतो. इजिप्तमधला ग्रीक लेखक अपिऑन याने ज्यूंविरुद्ध लिहिलं ते आपण वाचतो जोसेफसच्या पुस्तकात, म्हणजे त्याला खोडून काढायला बसलेल्या ज्यू लेखकाकडून. रोमन तत्त्वज्ञ सेनेकाची ज्यूंवरची वाक्यं ऑगस्टीन या ख्रिस्ती बिशपने साडेतीनशे वर्षांनी स्वतःच्या युक्तिवादासाठी उद्धृत केली. एका पक्षाची कैफियत दुसऱ्या पक्षाच्या वकिलाच्या फायलीत सापडावी, असा हा प्रकार आहे. फाईल खोटी नसते, पण त्यात कोणते कागद ठेवायचे हे वकील ठरवतो.

आता मूळ मुद्द्याकडे. माझं मत सुरुवातीलाच सांगते: या लेखकांपैकी बहुतेकांना ज्यूंमध्ये फारसा रस नव्हता. त्यांना स्वतःच्या समाजातलं काहीतरी बोलायचं होतं आणि ज्यू त्यासाठी हाताशी होते. हे गृहीत धरून उतारे वाचले की एकमेकांविरुद्ध जाणारी अवतरणंसुद्धा जागेवर बसतात.

सुरुवात अलेक्झांडरनंतरच्या पिढीपासून, साधारण इ.स.पू. ३००. थिओफ्रॅस्टस हा ॲरिस्टॉटलचा वारसदार. तो लिहितो की ज्यू हे मुळातच तत्त्वज्ञ. ते ईश्वराविषयी चर्चा करतात आणि रात्री तारे न्याहाळतात. ॲरिस्टॉटलचाच दुसरा शिष्य क्लीआर्कस तर गुरूच्या तोंडी गोष्ट घालतो: आशिया मायनरमध्ये मला एक ज्यू भेटला, तो भाषेनेच नव्हे तर अंतःकरणानेही ग्रीक होता, आणि हे ज्यू मूळचे हिंदुस्थानातल्या तत्त्वज्ञांचे वंशज. हिंदुस्थानात त्या तत्त्वज्ञांना ‘कलानोई’ म्हणतात, असं तो पुढे सांगतो. हा शब्द त्याने कुठून आणला ते उघड आहे. तक्षशिलेहून अलेक्झांडरबरोबर गेलेला आणि इराणात सर्वांसमक्ष चितेवर चढलेला साधू कलानोस तेव्हा ग्रीक जगात गाजत होता. चंद्रगुप्ताच्या दरबारी राहिलेला मेगॅस्थेनिसही हाच सूर लावतो: निसर्गाविषयी जे ग्रीकांनी सांगितलं तेच हिंदुस्थानात ब्राह्मणांनी आणि सिरियात ज्यूंनी सांगितलेलं आहे.

वाचायला छान वाटतं, आणि आपल्याकडच्या वाचकाला जरा जास्तच छान वाटतं. पण यांपैकी कुणी जेरुसलेमला जाऊन राहिल्याचा किंवा तोरा हा ज्यूंचा धर्मग्रंथ वाचल्याचा मागमूस नाही. ग्रीकांकडे ‘पूर्वेकडचे ज्ञानी पुरोहित’ असा एक तयार साचा होता. इराणचे मागी, ब्राह्मण, इजिप्तचे पुजारी त्यात आधीच बसवलेले होते, ज्यूंनाही तिथेच बसवलं. कौतुक खरं, ओळख नव्हे.

हेकाटीअस त्या मानाने जास्त माहिती देतो. ज्यूंचा नेता आणि कायदेकर्ता मोशे याने जेरुसलेम वसवलं, बारा कुळं पाडली, देवाची मूर्ती घडवू दिली नाही, राजाऐवजी पुरोहितांकडे सत्ता दिली, आणि लोकांना स्वतःच्या वाट्याची जमीन विकायला मनाई केली. त्यातच तो म्हणतो की स्वतःच्या हकालपट्टीच्या अनुभवामुळे मोशेने काहीशी माणूसघाणी, परक्यांना दूर ठेवणारी जीवनपद्धती घालून दिली. सूर शिवीगाळीचा नाही. कारण देऊन केलेलं निरीक्षण आहे. ‘माणूसघाणे’ हा शेरा मात्र पुढे कारणाशिवाय फिरत राहिला.

इजिप्तमध्ये गोष्ट वेगळी होती. तिथे वैर स्थानिक होतं आणि बरंच जुनं. नाईल नदीतल्या एलिफंटाईन बेटावर ज्यू सैनिकांची वसाहत होती, त्यांचं तिथे मंदिरही होतं. इ.स.पू. ४१० मध्ये ख्नूम या मेंढ्याचं मस्तक असलेल्या देवाच्या पुजाऱ्यांनी पर्शियन अधिकाऱ्याला हाताशी धरून ते पाडलं. शिवाय इजिप्तमधून सुटकेची जी कथा ज्यू दरवर्षी वल्हांडणाच्या सणाला सांगतात, तिच्यात इजिप्शियन हे हरलेले खलनायक. इ.स.पू. तिसऱ्या शतकातला इजिप्शियन पुरोहित मनेथो याच्या नावावर या कथेची उलटी आवृत्ती आहे: ते सुटले नाहीत, हाकलले गेले, ते महारोगी होते, त्यांचा म्होरक्या ओसारसेफ नावाचा पुजारी होता आणि त्यानेच पुढे मोशे हे नाव घेतलं. हा तुकडा मनेथोचा की नंतर घुसवलेला, यावर अभ्यासकांत वाद आहे. पण ‘हाकललेले रोगी’ ही कथा एकदा ग्रीकमध्ये उतरल्यावर तिचे पाठ वाढत गेले आणि साडेतीनशे वर्षांनी तीच टॅसिटसकडे पोहोचली.

इथे एक गोष्ट लक्षात ठेवण्यासारखी आहे. इ.स.पू. तिसऱ्या शतकात तोराचं ग्रीक भाषांतर ॲलेक्झांड्रियातच झालं. म्हणजे मूळ कथा त्याच शहरात, त्याच भाषेत उपलब्ध होती. तरी ज्यूंवर लिहिणाऱ्या बिगर-ज्यू लेखकांपैकी जवळजवळ कुणी ती उघडून पाहिल्याचं जाणवत नाही. जो तो आधीच्या लेखकावरून लिहीत होता.

इ.स.पू. दुसऱ्या शतकात ज्यूंचा मॅकाबी उठाव झाला. सिरियाचा ग्रीक राजा चौथा अँटिओकस याने इ.स.पू. १६७ मध्ये जेरुसलेमचं मंदिर विटाळलं आणि ज्यू आचार बंद पाडायचा प्रयत्न केला. एवढ्या मोठ्या कृत्याचं समर्थन हवं होतं, आणि राजाच्या बाजूने लिहिणाऱ्यांना ‘ते माणसांचा द्वेष करतात, म्हणून राजाने तसं केलं’ हे कारण सोयीचं पडलं. डिओडोरसमधला एक प्रसंग मी नेहमी वाचून दाखवते. इ.स.पू. १३४ च्या सुमारास सातव्या अँटिओकसने जेरुसलेमला वेढा घातला तेव्हा त्याचे सल्लागार म्हणाले, या लोकांचा समूळ नाश करा, हे कुणाबरोबर पंक्तीला बसत नाहीत. राजाने ऐकलं नाही. खंडणी घेतली, तट पाडला आणि आरोपांतून त्यांना मोकळं केलं. लेखक राजाचं यासाठी कौतुक करतो. एकाच पानावर दोन्ही मतं आहेत. ‘ग्रीकांचं मत’ यातलं कोणतं धरायचं?

सगळ्यात विषारी मजकूर ॲलेक्झांड्रियातून येतो, आणि तिथे भांडण पोटापाण्याचं होतं. ऑगस्टसने इजिप्त घेतल्यावर डोईपट्टी बसवली. ग्रीक नागरिकांना ती माफ. ज्यूंचा दर्जा काय, हा प्रश्न त्यामुळे पैशाचा आणि अब्रूचा झाला. इ.स. ३८ मध्ये तिथे दंगल उसळली. प्रार्थनामंदिरांत सम्राटाचे पुतळे घुसवले गेले, घरं लुटली, ज्यूंना शहराच्या एका भागात कोंडलं. मग दोन्ही बाजूंची शिष्टमंडळं रोमला सम्राट कॅलिगुलाकडे गेली. ज्यूंकडून वृद्ध तत्त्वज्ञ फायलो, ग्रीकांकडून अपिऑन.

फायलोने त्या भेटीचं वर्णन लिहून ठेवलं आहे आणि ते वाचताना आजही घाम फुटतो. कॅलिगुला आपल्या बागेतल्या वाड्यांतून फिरत होता, या दालनाचं असं करा, त्या खिडक्यांना असं बसवा, अशा सूचना देत होता. दोन्ही शिष्टमंडळं त्याच्या मागून जिने चढत-उतरत होती. मधेच थांबून त्याने विचारलं: तुम्ही डुकराचं मांस का खात नाही? विरोधक खदाखदा हसले. ज्यूंनी सांगितलं, प्रत्येकाचे रिवाज वेगळे, आमच्या विरोधकांनाही काही गोष्टी वर्ज्य आहेत. त्यांच्यातला कुणी म्हणाला, कित्येकजण कोकराचं मांसही खात नाहीत. कॅलिगुला हसला: बरोबरच आहे, ते चवदार नसतंच. हजारो माणसांच्या जिवाचा प्रश्न, आणि सुनावणी ही अशी.

याच अपिऑनने लिहिलं की जेरुसलेमच्या मंदिरात सोन्याचं गाढवाचं डोकं पुजतात आणि दरवर्षी एका ग्रीकाला पोसून लठ्ठ करून त्याचा बळी देतात. हे निरीक्षण नव्हे, खटल्यातली बाजू आहे. इ.स. ४१ मध्ये सम्राट क्लॉडिअसने ॲलेक्झांड्रियाला पाठवलेलं पत्र पपायरसवर टिकलं आहे. त्यात तो ग्रीकांना बजावतो की ज्यूंच्या आचारात ढवळाढवळ करू नका, आणि ज्यूंना बजावतो की जे आहे त्यात समाधान माना, हे शहर तुमचं नव्हे.

सरकारी कागदपत्रं आणि साहित्य यांचे सूर वेगळे आहेत, हे रोमच्या बाबतीत फार महत्त्वाचं ठरतं. सीझर आणि ऑगस्टसच्या काळातल्या आज्ञा जोसेफसने उतरवून ठेवल्या आहेत: ज्यूंना जमू द्या, जेरुसलेमला मंदिराची वर्गणी पाठवू द्या, शब्बाथच्या, म्हणजे शनिवारच्या विश्रांतीच्या दिवशी कोर्टात खेचू नका. फायलो सांगतो की रोममध्ये फुकट धान्यवाटप शब्बाथला आलं, तर ज्यूंचा वाटा दुसऱ्या दिवसासाठी राखून ठेवायचा असा ऑगस्टसचा हुकूम होता. दुसरीकडे ज्यूंना शहराबाहेर काढल्याचीही उदाहरणं आहेत; इ.स. १९ मध्ये टायबेरिअसने चार हजार तरुणांना सार्डिनियात दरोडेखोरांचा बंदोबस्त करायला धाडलं, त्यांत इजिप्शियन पंथाचेही लोक होते. राज्यकर्त्यांचं धोरण शांतता टिकेल तिकडे झुकत होतं.

रोमन वकील आणि वक्ता सिसेरो याचं भाषण हा तर प्रसंग पाहून बोलण्याचा नमुना. इ.स.पू. ५९. त्याचा अशील फ्लाकस हा आशिया प्रांताचा माजी गव्हर्नर. आरोप असा की जेरुसलेमला जाणारं ज्यूंचं सोनं त्याने जप्त केलं. अपामियात शंभर पौंडांहून थोडं कमी, लाओडिकियात वीस पौंडांहून थोडं जास्त. सिसेरो न्यायाधीशांना म्हणतो, मी हळू आवाजात बोलतो, पलीकडे जमलेला ज्यूंचा घोळका किती एकजुटीचा आहे ते तुम्हाला ठाऊकच आहे. मग त्यांच्या धर्माला ‘रानटी अंधश्रद्धा’ म्हणतो आणि वर सांगतो, प्रत्येक राज्याचा आपापला धर्म असतो, आमचा आम्हाला. पण त्याच भाषणात ग्रीक साक्षीदारांना तो खोटारडे ठरवतो आणि फ्रिजियन, मिसियन, कॅरियन यांच्यावरच्या म्हणी उगाळतो. फिर्यादीचे जे जे साक्षीदार, ते ते त्या दिवशी वाईट. एवढ्यावरून सिसेरोचं ‘ज्यूंविषयीचं मत’ काढणं मला धाडसाचं वाटतं.

रोमन लेखकांना ज्यूंच्या चार गोष्टी दिसत: शब्बाथ, डुक्कर न खाणं, सुंता आणि मूर्ती नसणं. त्यातही बरंच ऐकीव. खुद्द ऑगस्टस टायबेरिअसला लिहितो की आजचा माझा उपास इतका कडक झाला की शब्बाथचा उपास कुठला ज्यूही असा पाळत नसेल. शब्बाथ हा उपासाचा नव्हे, चांगलं जेवायचा दिवस! थोरल्या प्लिनीने तर ज्यूडियातली एक नदी दर शब्बाथला कोरडी पडते असं नोंदवलं आहे. सेनेकाचा हिशेब रोकडा: सातवा दिवस रिकामा घालवून हे आयुष्याचा सातवा भाग वाया घालवतात. शब्बाथ बाहेरच्यांच्या नजरेत भरतोच. कोकणात तेल गाळणाऱ्या बेने इस्रायलींनाही शेजाऱ्यांनी ‘शनवार तेली’ म्हटलं, कारण शनिवारी त्यांचा घाणा बंद असे. तिथे मात्र त्या नावामागे वैर नव्हतं.

सेनेकाचं पुढचं वाक्य जास्त बोलकं आहे. हे रिवाज आता सगळ्या देशांत पसरलेत, जितांनी जेत्यांना कायदे दिले, अशी त्याची तक्रार आहे. जुव्हेनल हा विडंबनकार तेच घरातलं चित्र काढून दाखवतो: बाप नुसता शब्बाथ पाळतो आणि डुक्कर टाळतो, मुलगा पुढे जाऊन सुंता करून घेतो, रोमन कायद्याला तुच्छ लेखतो आणि मोशेचा कायदा पाठ करतो. म्हणजे राग आहे तो रोमन माणूस बदलतो याचा. तिरस्काराच्या या मजकुरात ज्यू आचारांच्या लोकप्रियतेचा पुरावा दडलेला आहे. कुणी वळतच नसतं तर या दोघांनी एवढी शाई खर्च केली नसती.

आता टॅसिटस. तो लिहितो दुसऱ्या शतकाच्या सुरुवातीला. इ.स. ७० मध्ये टायटसने जेरुसलेमचं मंदिर जाळून जेमतेम एक पिढी झालेली. टायटसच्या घराण्याने त्या विजयावर आपली गादी पक्की केली, नाणी पाडली, कमान उभी राहिली, आणि मंदिराला जाणारी वर्गणी आता दोन ड्राक्माचा कर म्हणून रोमच्या ज्युपिटरसाठी वसूल होऊ लागली. सम्राट डोमिशनच्या काळात ती वसुली किती अंगावर येत असे, ते चरित्रकार स्वेटोनिअस सांगतो: आपण तरुण असताना, भरल्या दरबारात, एका नव्वद वर्षांच्या म्हाताऱ्याची सुंता झाली आहे का हे अधिकाऱ्याने तपासलेलं त्याने पाहिलं. टॅसिटसचे वाचक या वातावरणातले.

तो ज्यूंच्या उगमाच्या सहा कथा देतो. त्यांतली एक बरीच सन्मानाची आहे, पण सगळ्यात जास्त जागा देतो ती ‘इजिप्तमधून हाकललेले रोगी’ या कथेला. तहानेने मरणाऱ्या या लोकांना रानगाढवांच्या कळपामुळे पाणी सापडलं, म्हणून त्यांनी त्या जनावराची प्रतिमा गाभाऱ्यात ठेवली, असं तो लिहितो. लगेच पुढच्या परिच्छेदात म्हणतो की ते एकच ईश्वर मानतात, तोही केवळ मनाने, आणि मूर्ती करणं पाप समजतात. आणखी चार परिच्छेदांनी सांगतो की इ.स.पू. ६३ मध्ये पाँपी गाभाऱ्यात शिरला तेव्हा आत काहीच नव्हतं. गाढव गेलं कुठे? टॅसिटससारख्या काटेकोर लेखकाने ही विसंगती तशीच ठेवली, कारण ज्यूंची माहिती देणं हा त्याचा हेतू नव्हताच. जेरुसलेमच्या पाडावाआधी शत्रूचं चित्र रंगवायचं होतं. त्यातही नाइलाजाने चांगलं निसटतं: आपसात त्यांची दया तत्पर असते, जन्मलेलं मूल ते मारत नाहीत. नकोसं मूल टाकून देणं रोममध्ये चालत असे, म्हणून त्याला हेही विचित्र वाटतं.

आदराने बोलणारेही रोमन काळात आहेत. रोमन विद्वान व्हॅरो म्हणतो, आमचे पूर्वज एकशे सत्तरहून अधिक वर्षं मूर्तीशिवाय देव पूजत होते, आणि ते किती शुद्ध होतं याचा दाखला म्हणून ज्यूंकडे बोट दाखवतो. भूगोलकार स्ट्रॅबोला मोशे पटतो, त्याच्या नंतरचे पुरोहित पटत नाहीत. उदात्त शैलीवर लिहिणारा एक अनाम ग्रीक समीक्षक ‘प्रकाश होवो’ हे तोरातल्या ‘उत्पत्ती’ या पुस्तकातलं वचन होमरच्या पंक्तीला नेऊन बसवतो; त्याला तरी मजकूर ठाऊक होता. इसवी सनाच्या दुसऱ्या शतकातला तत्त्वज्ञ नुमेनिअस विचारतो, प्लेटो म्हणजे ग्रीक बोलणारा मोशे नाही तर कोण? यातही व्हॅरोला रोमन धर्म सुधारायचा होता आणि नुमेनिअसला प्लेटो मोठा करायचा होता, हे विसरू नये.

शेवटचा प्रश्न, आजच्या ज्यूद्वेषाचं मूळ इथे आहे का? हे ‘मूळ’ कशाला म्हणायचं यावर अवलंबून आहे, आणि अभ्यासक इथे खरोखर दोन बाजूंना आहेत. वंशाची कल्पना इथे नाही: सुंता करून घेणारा रोमन टॅसिटसच्या लेखी ज्यूच होतो. ख्रिस्ताच्या मृत्यूचा दोष, जो मध्ययुगीन द्वेषाचा कणा आहे, तोही नाही. ‘मानवजातीचा द्वेष’ हा आरोप टॅसिटस ख्रिश्चनांवरही करतो, आणि जुव्हेनल इजिप्शियनांना नरमांस खाणारे ठरवतो. त्यामुळे ज्यूंनाच वेगळं काढलं होतं असं सरसकट म्हणता येत नाही. पण अपिऑनची बळीची कथा आणि मध्ययुगातले रक्ताचे आरोप शेजारी ठेवले की साम्य डोळ्यांत भरतं. आणि एक फरक मला मान्य करावा लागतो. गॉल किंवा सिरियन यांच्यावरच्या शिव्या ते लोक साम्राज्यात मुरले तशा ओसरल्या. ज्यूंनी आपला देव इतरांच्या देवांत मिसळू दिला नाही, म्हणून त्यांच्यावरचे शेरे पुढच्या पिढीला वापरायला शिल्लक राहिले.

स्वतः वाचायचं असेल तर टॅसिटसच्या ‘इतिहासा’च्या पाचव्या भागाची पहिली तेरा प्रकरणं आधी वाचा, तासाभराचं काम आहे. लगेच जोसेफसचं अपिऑनविरुद्धचं पुस्तक घ्या, आणि मग फायलोचा शिष्टमंडळाचा वृत्तान्त. जोसेफस वाचताना एवढं ध्यानात असू द्या की तो त्याच टायटसच्या घराण्याच्या आश्रयाने रोममध्ये राहत होता. रोमनांवर टीका करायची वेळ आली की तो ती ग्रीक आणि इजिप्शियन लेखकांच्या डोक्यावर फोडतो.